संध्याकाळच्या आधीचा शुक्र

“दिसला का?” मी विचारलं.

“हो. दिसला.” भरतेशने दुर्बीण दोन्ही हातांनी डोळ्यांशी घट्ट धरली होती. “छान आहे. शेपूटपण दिसतंय.”

“किती लांब आहे शेपूट?”

“बरंच लांब आहे.”

त्याची दिशा जरा चुकली होती. दुर्बीण हलकेच उत्तरेकडे वळवावी म्हणून मी हात पुढे केला, तर माझी बोटं प्लास्टिकच्या झाकणांवर टेकली. भिंगांवरची दोन्ही झाकणं लावलेलीच होती. माळावर वारा सुटला होता, धूळ उडत होती. आधी बघणाऱ्या कुणीतरी ती लावून टाकली असणार. अंधारात माझ्याही लक्षात आलं नव्हतं.

मी हात मागे घेतला. भरतेश अजून बघतच होता. त्याच्या पलीकडे त्याचा मोठा भाऊ भूपाल उभा होता. त्याचा एक हात सहज ठेवल्यासारखा भरतेशच्या खांद्यावर होता.

“बास झालं आता,” भूपालदादा म्हणाला. “मी जीप वळवून घेतो. तू थांब इथंच.”

ही शहाण्णव सालच्या एप्रिलमधली गोष्ट. त्या वर्षी हयाकुताके नावाचा धूमकेतू आला होता. सूर्य मावळल्यावर वायव्येला, ब्रह्महृदय या ताऱ्याच्या बराच खाली, तो नुसत्या डोळ्यांनाही दिसायचा. पिंजलेल्या कापसाचा पुंजका आणि त्यातून वर गेलेली फिकट रेघ. मी जयसिंगपूरच्या एका शाळेत विज्ञान शिकवायचे आणि आम्हा दहाबारा जणांचं एक आकाश बघणाऱ्यांचं मंडळ होतं. गावातले दिवे टाळायला आम्ही टेंपो करून मिरजेच्या पुढे दंडोबाच्या डोंगराच्या पायथ्याशी गेलो होतो. माझा साखरपुडा होऊन महिना झाला होता, लग्न मे महिन्यात होतं. होणाऱ्या नवऱ्याला आपली आवड दाखवावी, म्हणून मी भरतेश चौगुलेला आग्रहाने बोलावलं होतं.

तो आधी नकोच म्हणत होता. “आमच्याकडे सूर्य मावळायच्या आत जेवण असतं. मग मी बाहेर पडत नाही.” शेवटी भूपालदादाच्या जीपमधून त्याच्याबरोबरच आला.

आम्हा जैनांमध्ये ही रीत आहेच. आमच्या घरी ती सुटली होती, कारण माझे वडील, आण्णा, एसटीत वाहतूक नियंत्रक. रात्रीची पाळी असली की स्टँडवरच डबा खायचे. चौगुल्यांकडे मात्र सगळं काटेकोर. भरतेश आमच्याकडे तीनचारदा आला, आणि दर वेळी ऊन उतरायला लागलं की त्याची चुळबुळ सुरू व्हायची. उठायचा आणि निघायचा. आईला त्याचं भारी कौतुक. “आजकाल कोण पाळतंय एवढं?” ती शेजारी सांगायची. मलाही ते आवडलं होतं. स्वतःचं म्हणून काहीतरी धरून बसलेला माणूस आहे, असं वाटायचं.

त्या माळावर भूपालदादा गेला आणि आम्ही दोघेच उरलो. बाकीची मंडळी पलीकडे सतरंजीवर बसून चहा घेत होती. जीप बांधाच्या पलीकडे कच्च्या रस्त्यावर होती. मध्ये एक कोरडा ओढा होता.

“चला, आपण चालत जाऊ तिथपर्यंत,” मी म्हणाले.

“दादा येईल की.”

“एवढंसं तर आहे.”

तो निघाला. दोन पावलं टाकली आणि थांबला. पुढचा पाय त्याने उचलला, पण टेकवेना; बुटाच्या टोकाने जमीन चाचपत राहिला. मी बघत होते. पश्चिमेला शुक्र एवढा झगझगीत होता, की पांढऱ्या मातीवरची पायवाट मला व्यवस्थित दिसत होती.

“त्रिशला,” तो म्हणाला, “मला काही दिसलं नाही.”

“माहीत आहे. दुर्बिणीला झाकणं होती.”

तो एकदम हसला. महिनाभरात पहिल्यांदा मी त्याला असं मोकळं हसताना ऐकलं.

“काढली असती तरी दिसलं नसतं,” तो म्हणाला. “धूमकेतू नाही, तारे नाहीत. तुम्ही समोर उभ्या आहात, तुमचा चेहरासुद्धा नाही. आवाजावरून कळतंय फक्त.”

तोच बोलत राहिला.

“लहानपणापासून आहे हे. दिवसा अगदी स्वच्छ दिसतं. आमच्या बागेत द्राक्षाच्या पानामागचा भुरी रोगाचा ठिपका दादाच्या आधी मला दिसतो. पण सूर्य बुडाला, की कुणीतरी अंगावर घोंगडं टाकल्यासारखं होतं. आता दिवसासुद्धा कडेचं कमी होत चाललंय. समोरचं दिसतं, बाजूचं नाही. मिरजेच्या डॉक्टरांनी सांगितलंय, आणखी कमी होत जाणार. किती आणि कधी, ते सांगता येत नाही म्हणाले.”

“घरी सगळ्यांना माहीत आहे?”

“हो.”

“आणि आम्हाला?”

“लग्न झाल्यावर सांगायचं ठरलं होतं.” तो थांबला. “मी ठरवलं नव्हतं. पण मी नाहीसुद्धा म्हटलं नाही.”

बॅटरीचा उजेड हलत हलत जवळ आला. “काय झालं? चला की,” भूपालदादा म्हणाला.

“दादा, मी सांगितलं यांना.”

भूपालदादाने बॅटरी खाली केली. “आजच सांगायचं होतं व्हय रे?” एवढंच तो भावाला म्हणाला. मग माझ्याकडे वळला. “ताई, पोरगं चांगलं आहे आमचं. तुम्ही काय ते ठरवा, पण तेवढं ध्यानात ठेवा.”

त्याने भरतेशचा हात धरला आणि दोघं ओढा उतरून गेले.

घरी मी दुसऱ्या दिवशी सकाळी सांगितलं. आई भाजी निवडत होती, तिने ताट बाजूला सारलं.

“फसवलं म्हणायचं आपल्याला. देवाधर्माच्या नावाखाली फसवलं. आणि मी खुळी गावभर कौतुक सांगत फिरले!”

“जेवणाची रीत त्यांच्याकडे खरीच आहे, आई.”

“असू दे खरी. उद्या पन्नाशीत आंधळा होऊन बसला तर तू काय करणार आहेस? हाताला धरून फिरवणार?”

आण्णा कामावर जायला निघाले होते. खाकी शर्टाची बटणं लावता लावता ते थांबले. “गाडी सुटायच्या आत कळलं, ते एक बरं झालं,” ते म्हणाले. “आता चढायचं का नाही, ते हिचं हिला ठरवू दे.”

“हिला काय कळतंय?”

“मग आपल्याला तरी काय कळतंय? चल त्रिशला, आधी त्या डॉक्टरांना भेटून येऊ.”

आम्ही मिरजेला गेलो. भरतेशने डॉक्टरांना आधी फोन करून ठेवला होता, ‘जे विचारतील ते सगळं सांगा’ म्हणून. डॉक्टर वयस्कर होते आणि त्यांनी काही गोड करून सांगितलं नाही. औषध नाही, ऑपरेशन नाही. दृष्टीचं वर्तुळ आकसत जाणार. कदाचित मधला भाग शेवटपर्यंत राहील, कदाचित नाही राहणार. मुलांना होईलच असं नाही, होणारच नाही असंही नाही.

परत येताना बसमध्ये आण्णा खिडकीबाहेर बघत बसले. जयसिंगपूर आल्यावर म्हणाले, “आठवडाभर मी कुणाला काही बोलणार नाही. तुझी आईसुद्धा नाही बोलणार, मी बघतो.”

त्या आठवड्यात मी शाळेत शिकवलं, पेपर तपासले, आणि सारखी चिडत राहिले. डोळ्यांच्या आजाराचा मला राग नव्हता. राग होता तो ‘शेपूटपण दिसतंय’ याचा. किती सहज म्हणाला होता! अशी किती वाक्यं त्याने आयुष्यभर तयार ठेवली असतील, आणि त्यातली किती मला ऐकावी लागतील? ज्याचं बोलणं खरं की खोटं ते दर वेळी तपासायला लागेल, अशा माणसाबरोबर राहायचं कसं?

आणि मग दुसरंच काहीतरी मनात यायचं. सव्वीस वर्षांचा हा माणूस. याने एकही तारा पाहिलेला नाही.

शनिवारी शेजारच्या इंदूकाकूंनी हाक मारली. गल्लीत फोन त्यांच्याकडेच होता. काकू हॉलमध्येच बसून होत्या, कान माझ्याकडे.

“मी उद्या येतोय,” भरतेश म्हणाला. “दुपारी. एकटाच येईन.”

“या,” मी म्हणाले.

रविवार, अक्षय तृतीयेचा दुसरा दिवस. एसटीने उतरून तो चालत घरी आला, चारच्या सुमाराला. आईने पाणी ठेवलं आणि ती आत गेली. भरतेश खुर्चीच्या कडेवर बसला. पाणी प्यायला नाही.

“आण्णा, मी नकार द्यायला आलोय,” तो म्हणाला. “आमच्याकडून नकार. म्हणजे त्रिशलाच्या नावाला काही लागणार नाही. कुणी विचारलं तर आमचीच अडचण होती म्हणून सांगा.”

आण्णांनी चष्मा काढून हातात घेतला. “घरी सांगितलंय का हे?”

“हो. दादा गप्प बसला. आई रडली. आधीच सांगायला हवं होतं, माझं चुकलं. त्रिशलाच्या आईंचीपण माफी मागायची होती.”

आतून भांड्याचा आवाज आला.

मी उठले. “नकार देऊन झाला असेल, तर जरा मागच्या अंगणात येता?”

“आता कशाला?” आई आतून म्हणाली.

“काम आहे,” मी म्हणाले.

मागच्या अंगणाला पश्चिमेकडून इंदूकाकूंचं दुमजली घर खेटून होतं. साडेचारनंतर सूर्य त्या घराआड जायचा आणि सगळं अंगण सावलीत यायचं. वर मात्र आभाळ निळंभोर, लख्ख. मी भरतेशला भिंतीजवळ उभं केलं.

“वर बघा. चतुर्थीची कोर आहे, फिकट.”

तो मान हळूहळू फिरवत शोधू लागला. शिडीवर चढून कपाटाची एकेक फळी तपासावी, तसं तो आभाळ तपासत होता; बाजूचं दिसत नाही म्हणजे काय, ते मला तेव्हा कळलं.

“सापडली,” तो म्हणाला. “कोर दिसली.”

“आता तिथून उजवीकडे. हात लांब करून मूठ धरा. कोरीपासून साधारण तेवढ्या अंतरावर शुक्र आहे.”

“शुक्राची चांदणी? दिवसा?”

“दिवसापण असते. आपण बघत नाही, इतकंच. कुठं बघायचं ते माहीत असलं की दिसते.”

त्याने मूठ धरली, डोळे बारीक केले. कोर सुटली. पुन्हा शोधली. पुन्हा सुटली. डोळ्यांतून पाणी यायला लागलं, त्याने शर्टाच्या बाहीने पुसलं.

“राहू द्या, त्रिशला. मला नाही जमायचं हे.”

“मलाही परवा पहिल्यांदा बघताना खूप वेळ लागला. माझे तर डोळे चांगले आहेत.”

“तुम्हाला सवय आहे आभाळाकडे बघायची. मी कधी वर बघितलंच नाही. अंधार पडायला लागला, की मी खाली बघतो. पुढं काय आहे, खड्डा आहे का पायरी आहे, तेच बघत चालतो. त्याच्या वर काही असतं, हे तुम्ही लोकांनी सांगितलेलं.”

मी त्याच्या मागे जाऊन उभी राहिले. काकूंच्या गच्चीवर टीव्हीची अँटेना होती. त्याचे दोन्ही खांदे धरून मी त्याला अर्धं पाऊल डावीकडे सरकवलं, मग थोडं मागे. साखरपुड्यात अंगठी घालताना झाला असेल तेवढाच आमचा त्याआधीचा स्पर्श. आई स्वयंपाकघराच्या खिडकीतून बघत असणार, हे मला कळत होतं.

“आता चंद्र विसरा. अँटेनाचं टोक बघा. त्याच्या किंचित वर. तिथंच थांबा. हलू नका.”

तो थांबला. मग त्याच्या खांद्यांना काहीतरी झालं. श्वास घ्यायचा राहून गेल्यासारखा तो ताठ उभा राहिला.

“आहे,” तो म्हणाला. “पांढरा ठिपका आहे.”

“खरंच दिसतोय? का शेपूटपण दिसतंय?”

तो हसला नाही. नजरही हलवली नाही. “शेपूट नाही. नुसता ठिपका. मिठाच्या खड्याएवढा. अँटेनाच्या वरच्या काडीच्या थोडा डावीकडे.”

मी त्याच्या खांद्यावरून पाहिलं. अगदी तिथंच होता.

मला वाटलं होतं, तो आता काही बोलेल माझ्याशी. आभार मानेल, किंवा रडेल. पण त्याने जे केलं ते माझ्या डोक्यातही नव्हतं. आभाळावरची नजर न काढता तो मोठ्यांदा ओरडला, “आई! बाहेर या, लवकर या!”

त्याने माझ्या आईला आई म्हणून मारलेली ती पहिली हाक. ती घाबरून धावत आली. हात कणकेने भरलेले.

“काय झालं? पडला का?”

“इथं उभ्या राहा. मी आहे तिथंच. मी बाजूला होतो. अँटेनाच्या टोकावर बघा.”

“अरे, काय बघू?”

“शुक्र आहे. दिवसा.”

आईने माझ्याकडे पाहिलं, त्याच्याकडे पाहिलं. मग कणकेचे हात अंगापासून लांब धरून त्याच्या जागी उभी राहिली आणि मान वर केली.

“मला तर काही दिसेना बाबा.”

“दिसेल. घाई करू नका. मलापण लगेच नाही दिसला. आधी ती कोर बघा, डावीकडे. दिसली? आता सावकाश उजवीकडे या. फार पुढं गेलात. थोडं मागं या.”

“इथं?”

“अजून जरा वर.”

तो इतक्या शांतपणे सांगत होता, जणू सगळी संध्याकाळ त्याच्याकडे होती. आई दोनदा चिडली, एकदा म्हणाली की मान दुखायला लागली. तो म्हणाला, भिंतीला डोकं टेका. तिने टेकलं. आणि मग तिच्या तोंडातून आवाज आला.

“अगंबाई! होय की रे! हे एवढंसं? हे रोज असतं इथं?”

“रोज नाही,” मी म्हणाले, पण माझ्याकडे कुणाचं लक्ष नव्हतं. आईने आण्णांना हाका मारायला सुरुवात केली होती. आण्णा आले, चष्मा लावला, चष्मा काढला, त्यांना काही केल्या सापडेना. आई त्यांच्या कानाशी उभी राहून भरतेशचेच शब्द पुन्हा सांगत होती, “घाई करू नका. आधी कोर बघा.” भरतेश भिंतीशी उभा राहून ऐकत होता आणि मधूनच हसत होता.

मग आईनेच पोळ्या केल्या. सूर्य मावळायच्या आत सगळे जेवायला बसलो. नकाराचा विषय कुणी काढला नाही. जेवण झाल्यावर आण्णा चपला शोधू लागले.

“चला, उजेड आहे तोवर सोडतो तुम्हाला स्टँडवर. सांगलीची गाडी लागलेली असेल.”

भरतेश लगेच उठला. सवयच होती ती.

“राहू द्या, आण्णा,” मी म्हणाले. “पुढच्या गाडीने जातील. मी सोडते.”

“अंधार होईल,” भरतेश म्हणाला.

“होऊ दे.”

त्याने माझ्याकडे पाहिलं. आईकडे पाहिलं. आई ताटं गोळा करत होती, ती मान वर न करता म्हणाली, “भावाला कळवा म्हणजे झालं. सांगलीच्या स्टँडवर घ्यायला येतील.”

लग्न आधी ठरलेल्या तारखेलाच झालं. पुढचं सगळं सोपं गेलं असं मी म्हणणार नाही. चाळिशीत त्याची दृष्टी झपाट्याने कमी झाली, बाग भूपालदादाच्या हाती द्यावी लागली, आणि ती दोनतीन वर्षं आम्ही दोघंही एकमेकांवर फार चिडलो. आता त्याला समोरचा एक लहानसा तुकडा दिसतो. आमच्या मुलीचे डोळे आत्तापर्यंत चांगले आहेत. पण मला सांगायची आहे ती त्या रविवारचीच गोष्ट, आणि ती अजून थोडी राहिली आहे.

आम्ही निघालो तेव्हा गल्लीत दिवे लागत होते. आमच्या कोपऱ्यावरचा दिवा बंदच असायचा. दारातून बाहेर पडताना मी हात पुढे केला. त्याने तो लगेच धरला नाही. त्याचं लक्ष गल्लीकडे होतं. ओट्या-ओट्यावर माणसं बसली होती, पोरं खेळत होती. लग्नाआधी हात धरून चालणं तेव्हा आमच्या गावात कुणी करत नव्हतं. शेवटी त्याने हात धरला. तळवा ओला होता आणि बोटं इतकी आवळलेली, की माझी दुखायला लागली.

चार घरं गेलो. इंदूकाकू मैत्रिणीच्या ओट्यावर बसल्या होत्या. त्यांनी आम्हाला पाहिलं आणि बोलणं थांबवलं.

“काय गं त्रिशला,” त्या म्हणाल्या. “आत्तापासूनच हात धरून?”

भरतेशने हात सोडवून घ्यायचा प्रयत्न केला. मी सोडला नाही.

“त्यांना रात्रीचं दिसत नाही, काकू,” मी म्हणाले.

माझ्या हातातला हात दगडासारखा झाला. हे वाक्य इतक्या मोठ्यांदा, रस्त्यात, त्याने जन्मात कधी ऐकलं नसणार.

“अस्सं होय?” इंदूकाकू म्हणाल्या. त्यांनी जरा पुढे वाकून त्याच्याकडे बघितलं. “मग इकडून नको नेऊ त्यांना. पुढं नगरपालिकेने गटार उकरून ठेवलंय. देवळाच्या अंगाने जा.”

“बरं, काकू,” भरतेश म्हणाला.

आम्ही देवळाच्या बाजूला वळलो. थोडं पुढे गेल्यावर त्याची बोटं सैल झाली, आणि तो माझ्याबरोबर नेहमीच्या चालीने चालायला लागला.